परवान्याचा अर्ज निर्णयाविना पडून राहिला तर : गोव्यातील व्यावसायिकांसाठी उच्च न्यायालयापर्यंतचा मार्ग

परवाना नाकारल्याचे पत्र हाती आले की त्याविरुद्ध अपील करता येते. गोव्यात व्यावसायिकाची खरी कोंडी होते ती असे पत्रच न आल्यामुळे. पंचायतीत, पालिकेत किंवा एखाद्या खात्यात अर्ज दाखल होतो, शुल्क भरले जाते, कधी जागेची पाहणीही होऊन जाते आणि त्यानंतर ‘फाईल वर गेली आहे’, ‘पुढच्या सभेत घेऊ’, ‘साहेब रजेवर आहेत’ या उत्तरांवर महिने निघून जातात. दुकानगाळ्याचे भाडे आणि कर्जाचे हप्ते तोवर चालूच असतात. या मौनाविरुद्ध भारतीय राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाकडे रिट याचिका करता येते. मात्र न्यायालय सहसा परवाना देत नाही. अमुक मुदतीत कायद्यानुसार निर्णय द्या, असा परमादेश देते. ही मर्यादा सुरुवातीलाच ओळखली, तर अर्जापासून याचिकेपर्यंतचा प्रत्येक कागद कसा असावा हे आपोआप ठरत जाते.

मुदत कोणती आणि ती उलटल्याचा परिणाम कोणता

वकिलाकडे जाण्यापूर्वी ज्या कायद्याखाली अर्ज केला आहे तो कायदा उघडून दोन गोष्टी पाहाव्यात. निर्णयासाठी मुदत दिली आहे का, आणि ती उलटल्यास काय होते. या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर प्रत्येक कायद्यात निराळे आहे आणि लोकांची सर्वांत मोठी गल्लत इथेच होते.

डिचोली तालुक्यातील एखाद्या गावात बेकरी सुरू करायची आहे, असे समजू. अन्नपदार्थांच्या परवान्यासाठी अन्न सुरक्षा व मानके कायदा, 2006 लागू होतो. त्याच्या कलम 31 मध्ये अशी तरतूद आहे, की अर्ज केल्यापासून दोन महिन्यांत परवाना दिला नाही आणि अर्ज फेटाळलाही नाही, तर अर्जदार व्यवसाय सुरू करू शकतो. त्यानंतर अधिकाऱ्याला परवाना नाकारता येत नाही, फार तर सुधारणेची नोटीस काढता येते. सांडपाण्यासाठी लागणाऱ्या संमतीचे तसेच आहे. जल प्रदूषण प्रतिबंध कायदा, 1974 च्या कलम 25 नुसार सर्व बाबतींत परिपूर्ण असलेल्या अर्जावर राज्य प्रदूषण नियंत्रण मंडळाने चार महिन्यांत काहीच ठरवले नाही, तर संमती दिली असे मानले जाते. परंतु त्याच मंडळाकडे वायू प्रदूषण कायदा, 1981 खाली केलेल्या अर्जाला चार महिन्यांची मुदत असली, तरी ती उलटल्यावर संमती मिळाली असे समजण्याची तरतूद नाही. भट्टीच्या धुरासाठी ही दुसरी संमती लागत असेल, तर पाण्याची संमती ‘मानली गेली’ म्हणून भट्टी पेटवणे अंगाशी येऊ शकते.

पंचायत क्षेत्रात बांधकाम किंवा त्यात फेरबदल करायचा असल्यास गोवा पंचायत राज कायदा, 1994 च्या कलम 66 ची रचना आणखी वेगळी आहे. पंचायतीने तीस दिवसांत निर्णय कळवला नाही, तर त्यापुढील तीस दिवसांत पंचायत उपसंचालकांकडे अपील करायचे असते. उपसंचालकांनीही तीस दिवसांत ते निकाली काढले नाही, तरच परवानगी मिळाली असे मानले जाते, आणि तीही कायदा व नियम मोडणाऱ्या बांधकामाला संरक्षण देत नाही. पहिले तीस दिवस संपताच ‘आता परवानगी झाली’ असे समजून गवंडी बोलावणारे गावोगावी भेटतात. मधला अपिलाचा टप्पा त्यांनी घेतलेलाच नसतो आणि मग काम थांबवण्याची नोटीस येते तेव्हा धावपळ होते.

कायद्यात अशी तरतूदच नसेल, तर नुसत्या विलंबामुळे परवाना मिळाला असे मानता येत नाही. चेत राम वशिष्ठ विरुद्ध दिल्ली महानगरपालिका या 1980 च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मुदत उलटल्याने मंजुरी गृहीत धरण्यास नकार दिला, तो याच कारणासाठी. अशा वेळी उपाय उरतो तो परमादेशाचा. मुदतच दिलेली नसेल, तर ‘वाजवी काळ’ ही कसोटी लागते, आणि वाजवी काळ किती, हे अर्जाच्या स्वरूपावरून ठरते. चहाच्या टपरीच्या परवान्याला आणि पन्नास खोल्यांच्या हॉटेलच्या नोंदणीला एकच माप लावता येणार नाही.

मानीव परवानगी, म्हणजे मुदत उलटल्यामुळे कायद्याने मिळाली असे मानलेली परवानगी, मिळाली असली, तरी व्यवहारात तिच्यावर विसंबून राहणे कठीण असते, कारण बँक आणि पुढचे खाते कागद मागते. म्हणून ती मुदत उलटल्याची नोंद करणारे पत्र संबंधित अधिकाऱ्याला द्यावे आणि लेखी दाखला मागावा. तो मिळाला नाही, तर याचिकेत परवानगी मिळाल्याचे घोषित करण्याची विनंती करता येते.

अर्ज परिपूर्ण होता, हे दाखवता आले पाहिजे

न्यायालयात सरकारी वकिलाचे किंवा पंचायतीच्या वकिलाचे पहिले उत्तर बहुधा ठरलेले असते: अर्ज अपुरा होता, त्रुटी कळवल्या होत्या, अर्जदारानेच पूर्तता केली नाही. हे उत्तर टिकले, तर याचिका तिथेच लुळी पडते. त्यामुळे माझ्या मते या संपूर्ण प्रक्रियेतला निर्णायक भाग न्यायालयात जाण्यापूर्वी पूर्ण झालेला असतो.

अर्जासोबत जोडलेल्या प्रत्येक कागदाची अनुक्रमांकासह यादी करावी आणि त्या यादीच्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख व शिक्का घ्यावा. नुसत्या अर्जाच्या पहिल्या पानावर घेतलेली पोच पुरेशी नसते, कारण भाडेकरार किंवा अग्निशमन सेवेचा दाखला जोडला होता की नाही, यावरच पुढे वाद होतो. गोवा ऑनलाइन पोर्टलवरून अर्ज केला असेल, तर पावती, अर्जाचा क्रमांक आणि प्रत्येक टप्प्यावरील स्थितीचे तारखेसह छापील पान ठेवावे. पोर्टलवरील नोंद नंतर बदललेली दिसल्यास जुने पान हाच पुरावा राहतो. कार्यालयाने तोंडी त्रुटी सांगितली, तर त्याच दिवशी पत्र द्यावे, की आपण आज अमुक कागद मागितला, तो सोबत जोडला आहे, याशिवाय काही बाकी असल्यास लेखी कळवावे. अशा पत्राला उत्तर न येणे अर्जदाराच्याच फायद्याचे असते.

गोव्यात जागेच्या कागदांकडे विशेष लक्ष द्यावे लागते. एक-चौदाच्या (जमिनीच्या सरकारी नोंदीच्या) उताऱ्यावर अनेक सहमालकांची नावे असणे, घर मुंडकाराच्या (मालकाच्या संमतीने त्याच्या जमिनीत घर करून राहणाऱ्याच्या) नावे असणे, जमीन कोमुनिदादीची (गावाच्या जुन्या सामाईक जमीनसंस्थेची) असणे किंवा जुने दस्तऐवज पोर्तुगीज भाषेत असणे, हे नेहमीचे आहे. यातला एखादा सहमालक किंवा शेजारी हरकत घेतो आणि पंचायत ‘वाद आहे’ असा शेरा मारून अर्ज बाजूला ठेवते. हरकत आली म्हणून निर्णय कायमचा लांबवण्याचा अधिकार पंचायतीला मिळत नाही. तिने दोन्ही बाजूंना सुनावणी देऊन कारणांसह काय ते ठरवले पाहिजे. मात्र मालकीचा वाद रिट याचिकेत सुटत नाही. त्यासाठी दिवाणी न्यायालय आहे. आपल्याकडे त्या जागेचा कायदेशीर ताबा आणि वापराचा हक्क आहे, एवढे दाखवणारे कागद तयार असावेत.

मागणीचे पत्र

परमादेश मागण्यापूर्वी संबंधित अधिकाऱ्याकडे स्पष्ट मागणी केलेली असावी आणि ती नाकारलेली किंवा दुर्लक्षिलेली असावी, हा जुना नियम आहे. सरस्वती इंडस्ट्रियल सिंडिकेट विरुद्ध भारत सरकार या 1974 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने तो मांडला आहे. अर्ज हीच मागणी, असा युक्तिवाद करता येतो, पण त्यावर वेळ घालवण्यापेक्षा एक पानाचे पत्र देणे सोपे.

पत्र निर्णय घेण्याचा अधिकार असलेल्या व्यक्तीच्या नावे असावे. पंचायतीच्या परवान्यासाठी सरपंच आणि सचिव, पालिकेत मुख्याधिकारी, पणजी महापालिकेत आयुक्त, राज्याच्या खात्यात कायद्याने नेमलेला अधिकारी. आमदाराकडे किंवा मंत्र्याकडे दिलेले निवेदन ही कायद्याच्या अर्थाने मागणी नव्हे. मजकूर साधारण असा असावा:

‘मी दिनांक अमुक रोजी आवक क्रमांक अमुक अन्वये बेकरी व्यवसायाच्या परवान्यासाठी अर्ज केला असून विहित शुल्क पावती क्रमांक अमुक अन्वये भरले आहे. आपण मागितलेल्या कागदपत्रांची पूर्तता दिनांक अमुक रोजी केली आहे. त्यानंतर कोणतीही त्रुटी मला लेखी कळवण्यात आलेली नाही. अर्जावर अद्याप निर्णय झालेला नसल्याने माझा व्यवसाय सुरू होऊ शकलेला नाही. या पत्राच्या प्राप्तीपासून पंधरा दिवसांच्या आत अर्जावर कायद्यानुसार निर्णय घेऊन तो मला लेखी कळवावा, तसेच काही हरकती आल्या असल्यास त्यांच्या प्रती देऊन मला सुनावणीची संधी द्यावी, ही विनंती.’

यात ‘परवाना द्यावा’ असे न म्हणता ‘निर्णय घ्यावा’ असे म्हटले आहे, ते मुद्दाम. अधिकाऱ्यांवर आरोप, लाचेचे इशारे किंवा राजकीय टोमणे या पत्रात घालू नयेत, कारण हेच पत्र याचिकेला जोडले जाणार असते. ते हातोहात देऊन पोच घ्यावी आणि स्पीड पोस्टनेही पाठवून पोचल्याची नोंद जपावी. एकामागून एक स्मरणपत्रे पाठवत वर्ष घालवणेही बरे नव्हे. सी. जेकब विरुद्ध भूविज्ञान व खनिकर्म संचालक या 2008 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने बजावले आहे, की निवेदने देत राहिल्याने शिळा झालेला दावा जिवंत होत नाही. एक मागणी आणि फार तर एक स्मरणपत्र पुरे.

याच सुमारास माहितीचा अधिकार कायदा, 2005 खाली 10 रुपये शुल्क भरून एक अर्ज करावा. त्यात ‘माझ्या अर्जाचे काय झाले’ असा ढोबळ प्रश्न न विचारता फाईलवरील टिपणीची पाने, आवक-जावक नोंदवहीतील नोंद, तपासणी अहवाल, आलेल्या हरकती आणि पंचायत असल्यास ज्या सभांमध्ये विषय घेतला गेला त्यांच्या इतिवृत्ताच्या प्रती मागाव्यात. उत्तराची मुदत तीस दिवसांची आहे. फाईल कोणाच्या टेबलावर किती दिवस पडून आहे, हे टिपणीच्या पानांवरून जितके स्वच्छ दिसते तितके कोणत्याही युक्तिवादातून दिसत नाही. माहिती मिळाली नाही म्हणून याचिका अडवून ठेवण्याचे मात्र कारण नाही; माहितीचे अपील त्याच्या गतीने चालू द्यावे.

पर्यायी उपाय वापरला का, हा प्रश्न येणारच

गोव्यात नागरिकांना कालबद्ध सार्वजनिक सेवा देण्याविषयीचा 2013 चा कायदा आहे. आपल्याला हवी असलेली सेवा त्याखाली अधिसूचित झाली आहे का, तिची मुदत किती आणि वरचा अधिकारी कोण, हे पाहून तिथे दाद मागावी. पंचायत राज कायदा, गोवा नगरपालिका कायदा, 1968 आणि पणजी महापालिका कायदा, 2002 यांखालील अपिलाच्या तरतुदीही वकिलाकडून तपासून घ्याव्यात. परिणामकारक पर्यायी उपाय असताना उच्च न्यायालय साधारणपणे हात घालत नाही. व्हर्लपूल कॉर्पोरेशन विरुद्ध ट्रेडमार्क निबंधक या 1998 च्या निकालाने मूलभूत हक्काचा भंग, नैसर्गिक न्यायाचा भंग, अधिकारक्षेत्राचा अभाव किंवा कायद्याच्याच वैधतेला आव्हान, असे अपवाद सांगितले आहेत. आदेशच निघालेला नसेल आणि कायद्यातील अपील आदेशाविरुद्धच असेल, तर अपील करायचे कशाविरुद्ध, हा मुद्दा याचिकेत ठामपणे मांडावा. कलम 66 सारखे विलंबाविरुद्धचेच अपील उपलब्ध असेल, तर ते डावलून थेट पर्वरीचे उच्च न्यायालय गाठू नये.

याचिका कशी असावी

गोवा खंडपीठ पणजीच्या आल्तिनोवरून 2021 मध्ये पर्वरीच्या नव्या इमारतीत गेले आहे. उच्च न्यायालयाचे कामकाज इंग्रजीत चालते, त्यामुळे मराठी, कोंकणी किंवा पोर्तुगीज कागदांची भाषांतरे जोडावी लागतात, आणि याच कामात अनेकदा आठवडे जातात. ती आधीच करून ठेवलेली बरी. स्वतः बाजू मांडण्याची मुभा असली तरी रिटचे काम करणारा वकील घेणे शहाणपणाचे. खर्च परवडत नसल्यास विधी सेवा प्राधिकरण कायदा, 1987 खाली विनामूल्य वकील मिळू शकतो. महिला, तसेच अनुसूचित जाती-जमातींचे अर्जदार यांना उत्पन्नाची अटही लागत नाही.

प्रतिवादी निवडताना निर्णय घेणारी यंत्रणा वगळली जाणार नाही आणि उगाच गर्दीही होणार नाही, हे पाहावे. पंचायतीचा विषय असेल तर ग्रामपंचायत, आवश्यक तिथे पंचायत संचालनालय, आणि गोवा राज्य मुख्य सचिवांमार्फत. परवाना तीन खात्यांच्या ना हरकत दाखल्यांवर अडला असेल, तर नेमका कोणाचा दाखला रखडला आहे ते शोधून त्या खात्याला प्रतिवादी करावे; अन्यथा पंचायत न्यायालयात उभी राहून ‘आम्ही तयार आहोत, दाखला आला नाही’ असे सांगून मोकळी होते. हरकतदार माहीत असेल तर त्यालाही पक्षकार करावे. त्याला अंधारात ठेवून मिळवलेला आदेश तो नंतर येऊन फिरवून घेऊ शकतो.

याचिकेत तारखांची यादी हा सर्वांत जास्त वाचला जाणारा भाग असतो. अर्ज, शुल्क, पाहणी, त्रुटीची पूर्तता, मागणीपत्र आणि माहिती अधिकारात मिळालेली टिपणी, या क्रमाने दोन पानांत ती मांडावी. कायदेशीर आधार थोडक्यात सांगता येतात: अनुच्छेद 19(1)(छ) खाली व्यवसायाचे स्वातंत्र्य आणि त्यावरील वाजवी निर्बंधांना परवानगी देणारा 19(6), मनमानीविरुद्धचा अनुच्छेद 14, आणि ज्याला कायद्याने अधिकार दिला आहे त्याने तो वाजवी काळात वापरण्याचे कर्तव्य. मद्याच्या परवान्याबाबत भाषा सांभाळावी. खोडे डिस्टिलरीज प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मद्यव्यवसायाचा मूलभूत हक्क मान्य केलेला नाही. म्हणून बारच्या परवान्यासाठी अबकारी खात्याविरुद्ध जाताना अनुच्छेद 19 वर भर न देता अनुच्छेद 14 आणि अबकारी कायद्यातील कर्तव्यावर भर द्यावा.

मुख्य विनंती साधी ठेवावी: अमुक तारखेच्या अर्जावर न्यायालय ठरवील त्या मुदतीत, याचिकाकर्त्याला सुनावणी देऊन, कारणे नमूद करून निर्णय घ्यावा आणि तो कळवावा. मनसुखलाल चौहान विरुद्ध गुजरात राज्य या 1997 च्या निकालाप्रमाणे अधिकाऱ्याला विशिष्ट दिशेने निर्णय घ्यायला भाग पाडणे म्हणजे त्याचा विवेकाधिकार हिरावून घेणे ठरते. ‘परवाना द्या’ ही विनंती तेव्हाच पुढे करावी, जेव्हा कायद्याने अटी पूर्ण झाल्यावर नाकारण्यास जागाच ठेवलेली नाही, किंवा मानीव परवानगी मिळालेली आहे. निर्णय होईपर्यंत व्यवसाय चालू ठेवू द्या, अशी अंतरिम विनंती नव्या व्यवसायाच्या बाबतीत फारशी यशस्वी होत नाही. वेळेत केलेल्या नूतनीकरणाच्या अर्जाच्या बाबतीत ती करण्यात अर्थ असतो. इथे एक इशारा आवश्यक आहे. अर्ज पडून आहे म्हणून परवान्याविना शटर उघडणाऱ्याची न्यायालयात बाजू फारच दुबळी होते, आणि डिसेंबर 2025 मध्ये हडफडे येथील नाइट क्लबच्या आगीत 25 जणांचे बळी गेल्यानंतर परवान्याविना चालणाऱ्या आस्थापनांविषयी सहानुभूतीची अपेक्षा कोणी करू नये.

वेळेचे महत्त्व आणखी एका कारणासाठी आहे. अर्ज प्रलंबित असताना नियम बदलले, तर सामान्यतः निर्णयाच्या दिवशी लागू असलेले नियमच लागतात. हिंद स्टोन प्रकरणात 1981 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अर्ज वाजवी काळात निकाली काढले पाहिजेत असे म्हणतानाच, विलंब झाला म्हणून जुन्या नियमांचा हक्क मिळत नाही, असेही ठरवले. किनारपट्टीचे नकाशे, शॅक (किनाऱ्यावरील तात्पुरती उपाहारगृहे) धोरण आणि प्रादेशिक आराखडे जिथे पुन्हा पुन्हा चर्चेत येतात, त्या गोव्यात थांबून राहण्याची ही किंमत मोठी असू शकते.

सुनावणी आणि त्यानंतर

पहिल्या तारखेलाच सरकारी वकील ‘सूचना घेतो’ असे सांगून वेळ मागतात, आणि अनेकदा याच काळात अडलेली फाईल हलते. निर्णय हाती आला तर याचिका तिथेच संपते. न आल्यास न्यायालय काही आठवड्यांची मुदत घालून, सर्व मुद्दे खुले ठेवून, याचिका निकाली काढते. आदेशाची प्रमाणित प्रत मिळताच ती पत्रासह कार्यालयात सादर करून पोच घ्यावी, कारण बऱ्याच आदेशांत मुदत प्रत सादर केल्यापासून मोजली जाते. सुनावणीची तारीख मिळाली तर लेखी म्हणणे घेऊनच जावे.

निर्णय नकाराचा आला, तर त्यातील कारणे आता लेखी असतात आणि त्यांविरुद्ध अपील किंवा नवी याचिका करता येते. जुन्या याचिकेतच तो वाद ओढू नये. मुदत उलटूनही काहीच झाले नाही, तर आधी आदेशाची आठवण देणारी नोटीस द्यावी. त्यानंतर न्यायालय अवमान कायदा, 1971 खाली अर्ज करता येतो, आणि कलम 20 नुसार अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत तो केला पाहिजे.

विलंबामुळे झालेल्या नुकसानीची भरपाई रिट याचिकेत क्वचितच मिळते, कारण तोट्याचा पुरावा तिथे नोंदवला जात नाही. त्यासाठी दिवाणी दावा करावा लागतो आणि शासनाविरुद्ध दाव्यापूर्वी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 खाली दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. पंचायत किंवा पालिकेविरुद्ध त्यांच्या स्वतःच्या कायद्यातील नोटिशीची तरतूद वेगळी पाहावी. भाड्याच्या पावत्या, कर्जाचे हप्ते, नासलेला कच्चा माल आणि रद्द झालेल्या ऑर्डर यांचा हिशेब अर्ज केल्याच्या दिवसापासून ठेवलेला असेल, तरच या दाव्याचा विचार करावा.